एनएमएचं ‘ना हरकत’ पोर्टल: अंतर कळतं, भाडेपट्टा कळत नाही

केंद्र-संरक्षित स्मारकाच्या शेजारी घर, दुकान किंवा मोकळा प्लॉट असला आणि तिथली वीट हलवायची असली, की राष्ट्रीय स्मारक प्राधिकरणाची, म्हणजे सगळे ज्याला एनएमए म्हणतात त्याची, ना हरकत आडवी येते. हा अर्ज आता ऑनलाइन होतो. हे परीक्षण त्याच सेवेचं आहे, पण एका ठराविक गिऱ्हाइकाच्या बाजूने: ज्याची जागा भाडेपट्ट्याची आहे त्याच्या. वाड्यातला पागडीवाला, विदर्भातला नझूलचा, म्हणजे सरकारी जमिनीचा, पट्टेदार, म्हाडाच्या जमिनीवरची सोसायटी, देवस्थानाच्या गाळ्यात तीन पिढ्या दुकान चालवणारा.

निकाल आधीच सांगून टाकू. प्रॉपर्टी कार्डावर एकट्याचं नाव असलेल्या मालकासाठी ही सेवा पाचपैकी साडेतीन गुणांची. भाडेपट्टेदारासाठी दोन, आणि त्यातलाही एक केवळ नकाशाच्या सोयीबद्दल.

गुण का कापले ते कळायला कायदा थोडा उलगडावा लागतो. मूळ अधिनियम १९५८ चा, प्राचीन स्मारके आणि पुरातत्त्वीय स्थळे व अवशेष अधिनियम. १६ जून १९९२ च्या अधिसूचनेने संरक्षित हद्दीपासून १०० मीटर प्रतिबंधित आणि त्यापुढचे २०० मीटर विनियमित, म्हणजे परवानगीनेच बांधता येईल असं, क्षेत्र ठरलं. तरी मधल्या काळात एका तज्ज्ञ समितीच्या सल्ल्याने १०० मीटरच्या आतही परवानग्या दिल्या जात होत्या. दिल्ली उच्च न्यायालयाने २००९ मध्ये ती वाट बंद केली, आणि २०१० च्या दुरुस्तीने दोन्ही अंतरं थेट कायद्यात आली. एनएमएचा जन्मही त्याच दुरुस्तीतला. तेव्हापासूनची रचना अशी: अर्ज जातो सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे केंद्र सरकारने त्यासाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, तो पाठवतो एनएमएकडे, एनएमए शिफारस करतं, आणि परवानगीच्या किंवा नकाराच्या कागदावर सही सक्षम प्राधिकाऱ्याची. फोनवर विचारणा करताना फाइल यांपैकी कोणाच्या टेबलावर आहे हे माहीत नसेल, तर दोन्हीकडून ‘आमच्याकडे नाही’ हेच उत्तर मिळणार.

आता खरी मेख. कलम २०सी ला दोन पोटकलमं आहेत. पहिलं प्रतिबंधित १०० मीटरबद्दल बोलतं: १६ जून १९९२ पूर्वीची, किंवा नंतर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या महासंचालकांच्या मंजुरीने उभी राहिलेली इमारत ज्याच्या मालकीची आहे, त्याने दुरुस्तीसाठी अर्ज करावा. दुसरं विनियमित क्षेत्राबद्दल: इमारत, बांधकाम किंवा जमीन ज्याच्या मालकीची आहे किंवा ताब्यात आहे, त्याने अर्ज करावा. ‘किंवा ताब्यात’ हे शब्द दुसऱ्या पोटकलमात आहेत, पहिल्यात नाहीत. स्मारकाशेजारच्या मालक-भाडेकरू भांडणातलं निम्मं भांडण एवढ्याच फरकात दडलेलं असतं. गंमत म्हणजे त्याच कायद्याचं कलम १९ संरक्षित क्षेत्रात बांधकामाला मनाई करताना मालक आणि भोगवटादार दोघांनाही नावानिशी धरतं. मनाई करताना भाडेकरू दिसतो. दुरुस्तीची परवानगी देताना, आणि तीही नेमकी स्मारकाला चिकटून असलेल्या पट्ट्यात, तो दिसेनासा होतो.

पोर्टल हा प्रश्न सोडवत नाही. ते मालकीचा कागद मागतं. पट्टा किती वर्षांचा, त्याची मुदत संपली का, इमारत जमीनमालकाची की पट्टेदाराची, दावा चालू आहे का, याचा निवाडा करणं हे त्याचं काम नाही आणि ते करतही नाही. म्हणून पहिलं बटण दाबण्याआधी ‘मालक कोण’ याचं उत्तर स्वतःच लिहून काढावं लागतं, आणि ते उत्तर प्रत्येक प्रकारच्या मिळकतीला वेगळं असतं.

पागडीचा वाडा घ्या. भाडेकरूने घसघशीत पागडी मोजली असली तरी इमारतीचा मालक तो नव्हे. वाडा १०० मीटरच्या आत असेल तर अर्जदार मालकच हवा, किंवा मालकाने अधिकार दिलेला माणूस. मालक म्हणजे सहा भावंडं असतील तर? कायद्याच्या व्याख्येत, इतरांच्या वतीने व्यवस्थापनाचा अधिकार असलेला सहमालक हाही ‘मालक’ धरला जातो. हा अधिकार तोंडी चालत नाही, कुलमुखत्यारपत्र लागतं. एखादी बहीण न्यू जर्सीत असेल, तर तिथे केलेलं मुखत्यारपत्र महाराष्ट्रात पोचल्यापासून तीन महिन्यांत इथला मुद्रांक लावून घ्यावा लागतो. फाइल अडते ती स्मारकामुळे नव्हे, अशा एका न लावलेल्या मुद्रांकामुळे.

म्हाडाच्या जमिनीवरच्या सोसायटीचं उलट आहे, आणि तिथे लोक हातचं सोडतात. मुंबईत जोगेश्वरी, महाकाली, मंडपेश्वर ही लेणी केंद्र-संरक्षित आहेत आणि भोवती दाट वस्ती आहे. म्हाडाने सोसायटीला दोन दस्त करून दिलेले असतात: इमारतीचं विक्रीखत आणि जमिनीचा भाडेपट्टा. पुष्कळ सोसायट्या ‘मालकीचा पुरावा’ म्हटल्यावर फक्त भाडेपट्टा जोडतात, आणि मग सोसायटी भाडेकरू ठरते. कलम २०सी चं पहिलं पोटकलम जमिनीची नव्हे तर इमारतीची मालकी विचारतं. विक्रीखत वर, भाडेपट्टा खाली, असा क्रम लावा. आपल्याकडे जमीन एकाची आणि इमारत दुसऱ्याची असू शकते, हे कायद्याला पूर्ण मान्य आहे; ते कागदांच्या क्रमातून दिसलं पाहिजे.

नझूलचंही जवळपास तसंच. चंद्रपूरच्या गोंडकालीन किल्ल्याच्या तटाजवळची वस्ती पाहिली की प्रश्नाचा आवाका कळतो. जमीन सरकारची, घर पट्टेदाराने स्वतःच्या पैशाने बांधलेलं. इथे घात होतो तो नूतनीकरण न केलेल्या पट्ट्याने. मुदत उलटलेला पट्टा जोडला की मालकी तर नाहीच, ताबाही कायदेशीर आहे का असा प्रश्न उभा राहतो. आधी जिल्हाधिकारी कार्यालयात नूतनीकरण, मग पोर्टल. दोन्ही अर्ज एकदम टाकून ‘जे आधी येईल ते’ म्हणणं म्हणजे स्वतःच त्रुटी मागवून घेणं.

देवस्थानाच्या जागेत आणखी एक फाटा आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाच्या कलम ३६ प्रमाणे, शेती नसलेली जमीन किंवा इमारत तीन वर्षांहून जास्त मुदतीने भाडेपट्ट्याने द्यायची तर धर्मादाय आयुक्तांची पूर्वमंजुरी लागते. विश्वस्तांनी नऊ वर्षांचा पट्टा करून दिला आणि मंजुरी घेतलीच नाही, तर विनियमित क्षेत्रातल्या ‘ताब्यात’ या शब्दाचा आधारही डळमळतो. पट्ट्यासोबत मंजुरीच्या आदेशाची प्रत जोडा.

कागदांत सगळ्यात बोलका कागद प्रॉपर्टी कार्ड. त्यावर ‘हक्काचा मूळ धारक’, ‘पट्टेदार’, ‘इतर भार’, ‘इतर शेरे’ असे वेगवेगळे रकाने असतात. मंडळी वरचं नाव वाचतात आणि कार्ड मिटून ठेवतात. ‘पट्टेदार’च्या रकान्यात साठ वर्षांपूर्वीच्या कुणाचं नाव असेल आणि त्याच्या वारसांची नोंद झाली नसेल, तर अर्जातलं नाव आणि कार्डावरचं नाव जुळत नाही. फेरफार नोंद आधी करून घ्या. कार्ड आणि कर आकारणी उतारा शेजारी शेजारी ठेवून नावाचं स्पेलिंगसुद्धा ताडून पाहा. एकीकडे ‘गोविंद’ आणि दुसरीकडे ‘गोविंदराव’ एवढ्यावरही प्रतिज्ञापत्र मागितलं जाऊ शकतं.

दुसरी कळीची गोष्ट म्हणजे १६ जून १९९२ ही तारीख. प्रतिबंधित क्षेत्रात इमारत त्याआधीची आहे हे सिद्ध करणं ही अर्जदाराची जबाबदारी. मंजूर नकाशा असला तर प्रश्नच मिटला, पण जुन्या वाड्यांना तो सहसा नसतो. मग घरपट्टीच्या पावत्या, नगर भूमापनाचा जुना नकाशा, चौकशी नोंदवहीचा उतारा, जुनी वीजबिलं. आणि इथे एक मजेदार पेच पडतो. मालकाकडे मालकीचा कागद असतो, पण १९९२ पूर्वीच्या भाडेपावत्या, खोल्यांच्या क्रमांकासह, नीट दोऱ्यात ओवून ठेवलेल्या असतात त्या भाडेकरूच्या ट्रंकेत. १९७८ ची, महिना अठरा रुपयांची, ‘पहिला मजला, जिन्यालगतचे दोन खण’ असं लिहिलेली पावती इमारतीला पहिला मजला तेव्हाही होता याचा पुरावा ठरू शकते. मालकाची सही भाडेकरूला हवी आणि भाडेकरूची ट्रंक मालकाला. कोर्टात एकमेकांविरुद्ध उभे असलेले दोघे या अर्जात एकाच बाजूला असायला हवेत, आणि हे दोन्हीकडच्या वकिलांना उशिरा सुचतं.

आता पोर्टलच्या चांगल्या बाजूकडे. स्मारकांचं मॅपिंग इस्रोच्या हैदराबादच्या राष्ट्रीय सुदूर संवेदन केंद्राच्या मदतीने झालं आहे, आणि सोबतीला ‘स्मारक’ नावाचं मोबाईल ॲप आहे. जागेवर उभं राहून अक्षांश-रेखांश घेतले की आपण स्मारकापासून कुठल्या पट्ट्यात आहोत याचा अंदाज मिळतो. पूर्वी याच प्राथमिक माहितीसाठी हेलपाटे पडायचे. एक गुण दिला तो यालाच.

पण अंदाज म्हणजे मोजणी नव्हे. मोबाईलचं जीपीएस मोकळ्या आकाशाखालीही पाच-दहा मीटर इकडेतिकडे होतं, आणि पेठेतल्या बोळात दोन उंच भिंतींच्या मध्ये त्याहून जास्त. प्लॉट ६० मीटरवर किंवा २४० मीटरवर असेल तर काही बिघडत नाही. ९५ ते १०५ मध्ये असेल तर सगळं तिथेच ठरतं: एका बाजूला फक्त दुरुस्ती, दुसऱ्या बाजूला नवं बांधकामही शक्य. अशा वेळी भूमी अभिलेख कार्यालयाकडून मोजणी करून मोजणी नकाशाची ‘क’ प्रत घ्या आणि त्यावर १०० मीटरची रेघ आर्किटेक्टकडून काढून घ्या. प्लॉटचा काही भाग रेघेच्या आत आणि काही बाहेर असेल तर लपवू नका. दोन्ही भाग वेगळ्या रंगात दाखवा.

अंतर कुठून मोजायचं यातही गफलत होते. घुमट, कळस किंवा लेण्याचं तोंड हा आरंभबिंदू नव्हे. अंतर सुरू होतं संरक्षित हद्दीपासून. लेण्यांच्या बाबतीत ही हद्द दगडाच्या पुढे बरीच पसरलेली असू शकते, कारण भोवतीची जमीनही अधिसूचनेत असते. हद्दीचा नकाशा भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या मंडळ कार्यालयात मागा. महाराष्ट्रात अशी मंडळं मुंबई, छत्रपती संभाजीनगर आणि नागपूर इथे आहेत. पुणे मुंबई मंडळात येतं. गुगल नकाशावर पट्टी ठेवून काढलेला आकडा अर्जात टाकणं हा हमखास त्रुटी ओढवून घेण्याचा मार्ग.

उंचीचा रकाना हा दुसरा सापळा, विनियमित क्षेत्रातल्या नव्या बांधकामासाठी. तिथे उंची म्हणजे जिन्याची खोली, कठडा, पाण्याची टाकी धरून एकूण उंची. उदाहरणादाखल हिशेब मांडू. तळमजला अधिक तीन मजले, प्रत्येकी ३ मीटर: १२ मीटर. जोतं ०.४५. गच्चीवर जिन्याची खोली २.४०, तिच्या डोक्यावर टाकी १.५०. बेरीज १६.३५ मीटर. कठडा १.१० चा असला तरी तो जिन्याच्या खोलीच्या उंचीत सामावतो, वेगळा मिळवायचा नाही. आर्किटेक्टने सवयीने गच्चीच्या स्लॅबपर्यंतचे १२.४५ लिहिले, तर मंजुरीही तेवढ्याचीच येणार, आणि मग ३.९० मीटरचा जिना आणि टाकी कुठे ठेवायची हा प्रश्न. सुधारित अर्ज म्हणजे पुन्हा पहिल्यापासून रांग. तळघर असेल तर खोदाईची खोलीही स्वच्छ लिहा. स्मारकाशेजारी जमिनीखाली काय असेल याची चिंता जमिनीवरच्या मजल्याइतकीच असते.

प्रतिबंधित क्षेत्रात मात्र उंचीचा प्रश्नच नाही, कारण तिथे फक्त दुरुस्ती आणि नूतनीकरण. कायद्याने तीन शब्द वेगळे केले आहेत. बांधकाम म्हणजे नवं उभारणं, किंवा जुन्याला आडवी-उभी वाढ करणं. पुनर्बांधणी म्हणजे जुन्याच लांबी-रुंदी-उंचीत पुन्हा उभारणं. दुरुस्ती म्हणजे उभ्या असलेल्या वास्तूत फेरफार, ज्यात आधीचे दोन्ही प्रकार येत नाहीत. ‘होता तसाच वाडा पाडून पुन्हा बांधतो, एक इंचही वाढवत नाही’ हे म्हणणं कानाला कितीही रास्त वाटलं तरी ती पुनर्बांधणी आहे, आणि १०० मीटरच्या आत तिला जागा नाही. ही अट सैल करणारं विधेयक लोकसभेने २०१८ च्या जानेवारीत मंजूर केलं होतं, पण ते सार्वजनिक प्रकल्पांपुरतं होतं आणि त्याचा कायदा झाला नाही.

म्हणून दुरुस्तीच्या अर्जाला कामाची यादी जोडताना शब्द मोजून वापरा. ‘छताचे काम’ असं मोघम लिहू नका. ‘उत्तरेकडच्या दोन खणांतील कुजलेले सागवानी वासे १४ नग बदलणे, त्याच उतारावर रीपा व मंगलोरी कौले बसवणे, आढ्याची उंची न बदलता’ असं लिहा. प्रत्येक ओळीला आधीचा फोटो, फोटोवर तारीख. कौलं काढून स्लॅब टाकायचा असेल तर तो दुरुस्तीच्या व्याख्येत बसेल असं गृहीत धरू नका. भिंत पायापासून उतरवून पुन्हा रचायची असेल तर त्याहून नाही. जुन्या गोव्यात सेंट कॅजेटन चर्चजवळच्या बंगल्यावरून २०२१ मध्ये जो वाद पेटला, त्याच्या मुळाशीही जुन्या बांधकामाची दुरुस्ती कुठे संपते हाच मुद्दा होता.

वेळेचं बोलायचं तर कायद्यातलं वेळापत्रक देखणं आहे. सक्षम प्राधिकाऱ्याने १५ दिवसांत अर्ज एनएमएकडे पाठवायचा, एनएमएने दोन महिन्यांत अभिप्राय द्यायचा, त्यानंतर महिन्याभरात आदेश. साडेतीन महिने. पण मुदत उलटली म्हणजे परवानगी मिळाली, असं हा कायदा कुठेही म्हणत नाही. भाडेपट्टेदाराची फाइल रेंगाळते ती मालकीच्या त्रुटीत, आणि पावसाळा काही त्यासाठी थांबत नाही. मे महिन्यात कौलं उतरवायची असतील तर अर्ज दिवाळीच्या आसपास गेलेला बरा. एनएमए आपल्या बैठकींची इतिवृत्तं संकेतस्थळावर टाकतं, ही या सेवेतली सर्वांत कमी वापरली जाणारी चांगली गोष्ट. आपल्याच स्मारकाच्या शेजारची आधीची प्रकरणं शोधून वाचा. किती उंचीला हो म्हटलं, कशासाठी फाइल परत पाठवली, हे एजंटापेक्षा स्वच्छ कळतं.

एजंटांवरूनच. मोजणी, नकाशे, कामाची यादी, फोटोंची मांडणी यासाठी जाणकार आर्किटेक्टला पैसे देणं योग्य. ‘शंभरच्या आत नवं बांधकाम काढून देतो’ म्हणणाऱ्याला एक रुपयाही देऊ नये. दिल्लीच्या जंतर-मंतरशेजारच्या मिळकतीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये स्पष्ट केलं आहे की १०० मीटरची बंदी सैल करण्याचा अधिकार महासंचालकांनाही नाही. त्यांना नाही तो एजंटाकडे कुठून येणार?

आता मालक सहीच करत नसेल तर काय. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ चं कलम १४ इथे उपयोगी आहे, पण अर्धवटच. जागा राहण्याजोगी ठेवणं ही मालकाची जबाबदारी. किमान १५ दिवसांची नोटीस देऊनही तो हलला नाही तर भाडेकरू स्वतः दुरुस्ती करून खर्च भाड्यातून वळता करू शकतो, मात्र एका वर्षात त्या वर्षाच्या भाड्याच्या एक-चतुर्थांशापुरताच. महिना दोनशे रुपये भाडं असलेल्या खोलीत हा आकडा वर्षाला सहाशे रुपये होतो. आजच्या भावात त्यात एक वासाही येत नाही. आणि मुख्य म्हणजे कलम १४ मुळे मालकाविरुद्ध हक्क मिळतो, स्मारकाच्या कायद्यातून सूट मिळत नाही. मालकाला नोटीस दिली म्हणून ना हरकतीशिवाय काम काढलं, तर ते काम कायद्याच्या नजरेत विनापरवानाच राहतं. विनियमित क्षेत्रात परवानगीशिवाय किंवा प्रतिबंधित क्षेत्रात काहीही नवं उभारलं, तर कलम ३०ए आणि ३०बी प्रमाणे दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. ते कलम ‘जो कोणी’ उभारेल त्याला धरतं. तिथे मालकी विचारली जात नाही.

त्यात भाडेकरूने लेखी संमतीशिवाय पक्कं बांधकाम केलं तर मालकाला भाडे कायद्याच्या कलम १६ खाली जागा परत मागण्याचं कारणही आयतं मिळतं. म्हणजे एकाच भिंतीपायी दोन आघाड्या.

त्यामुळे नोटिशीचा मसुदा बदला. ‘दुरुस्ती करा’ एवढंच लिहून थांबू नका. ‘दुरुस्तीसाठी कलम २०सी खाली अर्ज करा, अन्यथा आम्हाला तुमच्या वतीने अर्ज करण्याचं अधिकारपत्र द्या’ असं लिहा, आणि सोबत कामाची यादी जोडा. तरीही नकार आला तर मुंबई, पुणे, नागपुरात लघुवाद न्यायालयात आणि इतरत्र दिवाणी न्यायाधीशांपुढे हाच नेमका आदेश मागता येतो. नुसत्या मनाई हुकुमापेक्षा अर्जावर सही करण्याचा आदेश पोर्टलच्या कामाचा.

मालक मुद्दाम थांबण्यामागे बऱ्याचदा हिशेब असतो: वाडा खचेल, पालिकेची धोकादायक इमारतीची नोटीस येईल, भाडेकरू आपोआप जातील. स्मारकाशेजारी हा हिशेब मालकाच्याच अंगावर येतो. इमारत पडली म्हणून भाडेकरार संपत नाही, जमिनीवरचा भाडेहक्क राहतो, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगितलं आहे. आणि १०० मीटरच्या आत पडलेली इमारत पुन्हा उभी करता येत नाही. म्हणजे मालकाकडे उरतो मोकळा प्लॉट, ज्यावर बांधता येत नाही, आणि भाडेकरूकडे त्याच प्लॉटवरचा हक्क, ज्यात राहता येत नाही. हे गणित मालकाच्या वकिलासमोर कागदावर मांडलं तर सहीची शक्यता कोणत्याही विनवणीपेक्षा जास्त.

आणखी एक गोष्ट अर्जाआधी तपासा: स्मारक कोणाच्या यादीत आहे. सिंहगडासारखी राज्य-संरक्षित स्मारकं राज्याच्या वेगळ्या कायद्याखाली येतात, तिथला पत्ता राज्याच्या पुरातत्त्व व वस्तुसंग्रहालये संचालनालयाचा. आणि एनएमएची ना हरकत हातात पडली तरी पालिकेची परवानगी वेगळी, वारसा यादीत असल्यास ती समिती वेगळी. ना हरकत हा मालकीचा पुरावाही नव्हे. ती दाखवून भाडेकरूला मालक होता येत नाही, आणि मालकाला भाडेकरू नव्हता असं म्हणता येत नाही.

हीच शेवटची गोष्ट लेखी देणं हा कोंडी फोडण्याचा सर्वांत स्वस्त उपाय. मालक सही करत नाही ते ‘संमती दिली की भाडेहक्क मान्य केला असं होईल’ या भीतीने, आणि भाडेकरू पावत्या देत नाही ते ‘मूळ कागद गेले की गेले’ या भीतीने. पावत्यांच्या साक्षांकित प्रती द्या, मूळ ट्रंकेतच राहू द्या. संमतीपत्र पाचशेच्या मुद्रांकावर, नोटरीपुढे, दोघांच्या सह्यांनी, आणि त्यात हे कलम जसंच्या तसं घाला: ‘ही संमती केवळ सोबतच्या यादीतील दुरुस्तीसाठी कलम २०सी खालील अर्जापुरती आहे. तिच्यामुळे उभयतांपैकी कोणाचाही मालकी हक्क, भाडेहक्क अथवा प्रलंबित दाव्यातील कोणतेही म्हणणे मान्य केले वा सोडून दिले असे समजले जाणार नाही. दुरुस्तीचा खर्च कोणी सोसावा हा प्रश्न खुला ठेवला आहे.’ चालू दाव्याचा क्रमांक असेल तर तोही त्याखाली लिहा, आणि पोर्टलवर चढवताना हे पत्र मालकीच्या कागदाच्या लगेच मागे, त्याच पीडीएफमध्ये ठेवा.